‘लग्नगडी’ नावाचा शब्द

वारली चित्र आता कुणाच्या घरी नाही? चहाच्या कपावर आहे, साडीच्या पदरावर आहे, हॉटेलच्या भिंतीवर आहे. त्रिकोणी अंगाची माणसं तारपा वाजवणाऱ्याभोवती फेर धरून नाचताहेत, बाजूला झाड, वर चंद्र. बघायला छानच वाटतं. पण या सगळ्या चित्रांची आई म्हणावी असं जे चित्र आहे, ते लग्नाचं. त्याला चौक म्हणतात. घरात लग्न निघालं की सवाष्णी बायका गेरूने सारवलेल्या भिंतीवर तांदळाच्या पिठाने तो चौक लिहितात. लिहितात हाच शब्द आहे तिथे, काढतात असं म्हणत नाहीत. मधोमध पालघट देवी. धवलेरी गाणी म्हणते आणि लग्न लावते. चौकाशिवाय लग्न नाही.

आता मी तुम्हाला त्याच लग्नाशी जोडलेला दुसरा एक शब्द सांगतो. तो कपावर छापलेला नसतो. तो शब्द ‘लग्नगडी’.

मी इतिहासाचा अभ्यासक नव्हे. मराठी घेऊन बी.ए. झालो आणि कविता लिहीत आलो. त्यामुळे माझी सवय अशी, की एखादा शब्द अडखळवतो आणि मग मी त्याच्या मागे जातो. ‘गडी’ हा तसा प्रेमाचा शब्द. खेळगडी, सवंगडी. शेतावर राबणारा गडी म्हटलं तरी त्यात फार वाईट काही वाटत नाही. पण लग्नगडी म्हणजे लग्नासाठी सावकाराकडून पैसे उचलले म्हणून स्वतःला गहाण ठेवलेला माणूस. नुसता तोच नव्हे, जिच्याशी लग्न केलं ती बायकोही. दोघांनी सावकाराच्या घरी आणि शेतावर राबायचं, कर्ज फिटेपर्यंत. आणि कर्ज किती फिटलं हे सावकाराच्या वहीत लिहिलेलं, जी वही वारल्याला वाचता येत नाही. तेव्हा ते फिटायचं नाहीच. म्हणून पुष्कळ जोडपी लग्नच पुढे ढकलत. एकत्र राहत, मुलं होत, आणि पैसे जमले तर पुढे कधीतरी चौक लिहिला जाई. आपण शहरातली माणसं यावर नाक मुरडत आलो. पण त्यामागे एक साधा हिशेब होता, की आज लग्न केलं तर उद्यापासून गुलामी.

हे काही कुणी रंगवून सांगितलेलं नाही. मुंबई सरकारने डी. सिमिंग्टन नावाच्या आय.सी.एस. अधिकाऱ्याला डोंगरी आणि आदिवासी जमातींच्या स्थितीची पाहणी करायला नेमलं होतं. त्याचा अहवाल १९३९ सालचा आहे. सरकारी नोकराने सरकारसाठी लिहिलेला, मोजूनमापून शब्द वापरणारा. त्यात ठाणे जिल्ह्यातली ही लग्नाच्या कर्जाची गुलामी आहे, जमीनदारांची मारहाण आहे, आणि कुळांच्या बायकांवर जमीनदार आपला हक्क समजतात हेही आहे. वाचणाऱ्याने वाचलं, फाइल बंद झाली. त्याच वर्षी महायुद्ध सुरू झालं आणि प्रांतातलं काँग्रेसचं मंत्रिमंडळही राजीनामा देऊन बाहेर पडलं.

वारली मुळात कंगाल नव्हता हे लक्षात घ्यायला हवं. डहाणू, उंबरगाव, पालघर, जव्हार या पट्ट्यात त्याची शेती होती, जंगल होतं. नागली, वरी, भात पिके. पालापाचोळा आणि फांद्या जाळून तो रोपांसाठी जमीन भाजायचा, त्याला राब म्हणतात. इंग्रजी अमलात शेतसारा रोखीने भरायचा झाला. रोख पैसा वारल्याकडे कुठून येणार? तो सावकाराकडे गेला. १८७८ साली दोन कायदे आले. वनकायद्याने जंगल राखीव होऊ लागलं, म्हणजे कालपर्यंत ज्या फांद्या तोडल्या त्या आज चोरी ठरल्या. आणि अबकारी कायद्याने घरची ताडी, घरची मोहाची दारूही गुन्हा झाली. राबाच्या प्रश्नावर तर एवढी ओरड झाली की १८८५ ते ८७ मध्ये सरकारला खास वन आयोग बसवावा लागला. दरम्यान मुंबईहून गुजरातेत जाणारी रेल्वे डहाणूवरून गेली होती. साग, इमारती लाकूड आणि गवत मुंबईला जाऊ लागलं. मुंबईत तेव्हा घोडागाड्या होत्या, म्हशींचे तबेले होते, गवताला सोन्याचा भाव. जमीन ज्याच्या नावावर त्याची चांदी. ती एव्हाना वारल्याच्या नावावर राहिलेली नव्हती.

ज्यांच्या नावावर गेली त्यांच्यात पारशी होते, इराणी होते, गुजराती आणि मारवाडी वाणी होते, ब्राह्मण होते आणि मुसलमानही होते. हे मी मुद्दाम सांगतो. पिळवणुकीला धर्म लागत नाही, गहाणखत लागतं.

या व्यवहारात जे शब्द तयार झाले ते एकदा ऐकून घ्या. पावसाळ्यात घरातलं धान्य संपलं की सावकाराकडून खायला म्हणून जे उचलायचं ती खावटी, आणि सुगीला ती दीडपट-दुपटीने परत. उभं पीक किंवा गवत कापायच्या आधीच पडेल भावाने लिहून द्यायचं, ती पालेमोड. आणि या सगळ्यांच्या वर वेठ. जमीनदाराने निरोप धाडला की आपलं काम टाकून जायचं. नांगरणी त्याची आधी, लावणी त्याची आधी, लाकूडफाटा त्याच्या घरी आधी. तोवर आपल्या वाट्याच्या तुकड्यावरची रोपं पिवळी पडायची. पैसे नाहीत, अनेकदा जेवणही नाही. गेलं नाही तर मार.

‘वेठबिगार’ हा शब्दही बघण्यासारखा आहे. वेठ ही संस्कृतातल्या ‘विष्टि’वरून आलेली. बिगार म्हणजे फारसीतली ‘बेगार’. दोन्हींचा अर्थ एकच, मोबदला न देता करून घेतलेलं काम. दोन भाषांमधले दोन शब्द एकमेकांना चिकटून मराठीत नांदताहेत. हिंदू-मुस्लिम सांस्कृतिक मिलाफावर व्याख्यानं देताना आपण संगीताची उदाहरणं देतो, खाण्यापिण्याची देतो. हे उदाहरण कुणी देत नाही. राजा कुठल्याही भाषेत बोलत असो, फुकट राबणारा माणूस सगळ्यांनाच लागत होता.

आता १९४५ सालाकडे येतो. त्या वर्षी जानेवारीत कल्याणजवळ टिटवाळ्याला किसान सभेची परिषद भरली. तिच्या तयारीसाठी गोदावरी परुळेकर जिल्हाभर हिंडत होत्या. पुण्याच्या वकील गोखल्यांची ही मुलगी. कायद्याची पदवी घेतलेली, आणि ती पदवी बायका घेत नसत त्या काळात घेतलेली. सर्व्हंट्स ऑफ इंडिया सोसायटीत काम केलेली. पती शामराव परुळेकरही तिथलेच. पुढे दोघेही कम्युनिस्ट पक्षात गेले. उंबरगाव-डहाणू भागात त्यांनी वारल्यांची स्थिती पाहिली आणि काही जणांना टिटवाळ्याला येण्यासाठी राजी केलं. मोजकीच माणसं आली. पण त्यांच्यातले मह्या धांगडा व्यासपीठावर जाऊन वेठीबद्दल बोलले. आज आपल्याला हे साधं वाटेल. ज्या माणसाला जमीनदारासमोर मान वर करायची मुभा नाही, त्याने हजारोंसमोर बोलायचं, म्हणजे काय झालं असेल बघा.

तिथून चार महिन्यांत, २३ मे १९४५ला, झरी या गावी वारल्यांची स्वतःची परिषद झाली. जवळपास पाच हजार माणसं आली. रानातल्या वाटांनी, पाड्यापाड्यांवरून चालत. तिथे ठरलेल्या गोष्टी फार थोड्या आणि फार सोप्या होत्या. वेठ करायची नाही. बारा आणे रोख मजुरी मिळाल्याशिवाय जमीनदाराच्या खासगी शेतावर काम करायचं नाही. कुणी अंगावर हात टाकला तर मुकाट्याने सोसायचं नाही. आणि एकी सोडायची नाही. मला यातलं विशेष वाटतं ते असं, की जमीन परत द्या अशी मागणी त्यांनी पहिल्या दिवशी केलीच नाही. जमीन तर त्यांचीच होती. पण आधी त्यांना नाही म्हणायचं होतं. पोट नंतर, मान आधी. आपले विद्वान चळवळींची मांडणी आर्थिक मागण्यांपासून सुरू करतात. झरीला जमलेल्या माणसांनी ती उलटी केली.

आणि हे ठराव कागदावर राहिले नाहीत. पुढच्या काही आठवड्यांत, पावसाळा तोंडावर आलेला असताना, वारली जमावाने जमीनदारांच्या वाड्यांवर जाऊ लागले. हातात लाल बावटा. लग्नगडी जिथे जिथे होते तिथे त्यांना बाहेर बोलावलं आणि सांगितलं, चला, तुम्ही सुटलात. कोर्ट नाही, वकील नाही, कर्जाचा हिशेब नाही. पिढ्यानपिढ्या चालत आलेली ही प्रथा त्या भागातून जवळजवळ एका पावसाळ्यात उठली. सरकारच्या अहवालाने सहा वर्षांत जे झालं नाही ते असं झालं. त्यात हिंसा किती झाली, असा प्रश्न तेव्हाही विचारला गेला. वर्षानुवर्षं चाबकाखाली राहिलेल्या माणसांनी त्या दिवसांत सूड उगवला नाही, याचं आश्चर्य परुळेकरांच्या लिखाणात आहे आणि ते मलाही वाटतं.

जमीनदार गप्प बसणार नव्हते. पावसाळा सरला, गवत कापणीला आलं. वारल्यांनी पाचशे पौंड गवताच्या कापणीला अडीच रुपये मागितले. गवत वेळेत कापलं नाही तर वाळून जातं, म्हणजे घाई जमीनदाराला होती. अशा दिवसांत १० ऑक्टोबर १९४५ला अफवा उठवली गेली, की गोदूताई तलवाड्याला सभेसाठी येताहेत, त्यांच्या जिवाला धोका आहे, मिळेल ते हत्यार घेऊन या. आणि दुसरीकडे पोलिसांना सांगितलं गेलं की वारली शस्त्रं घेऊन हल्ल्यासाठी जमताहेत. गोदूताई तिथे नव्हत्याच. हजारो माणसं जमली, पोलिसांनी गोळ्या झाडल्या. माणसं पळाली नाहीत. बावटा खाली पडू न देता तिथेच बसून राहिली. गोळीबार रात्री झाला आणि दुसऱ्या दिवशीही झाला. जेठ्या गांगड आणि त्यांचे चार साथी मारले गेले.

त्यांना पळून जाता आलं असतं. आपली गोदूताई येणार आहे, ती आल्याशिवाय हलायचं कसं, एवढाच त्यांचा विचार होता. खोट्या निरोपावर विश्वास ठेवून ही माणसं मेली, पण तो निरोप खोटा आहे हे त्यांना सांगायला कुणी पोचू शकलं नाही. रस्ते, टपाल, पोलीस, सगळं दुसऱ्या बाजूचं होतं. त्यानंतर परुळेकर पतिपत्नींना जिल्ह्यातून हद्दपार केलं गेलं. तरी गवताचा संप मोडला नाही आणि दर वाढवून मिळाला.

पुढच्या वर्षी जंगलकामाचा संप झाला. दिवसाला सव्वा रुपया मजुरी ही मागणी. याची एक खूण आमच्या घरातही आहे. माझे आजोबा तरुणपणी भिवंडीच्या बाजूला एका लाकडाच्या वखारीत हिशेब लिहायला होते. आम्ही त्यांना दादा म्हणायचो. दादांना राजकारणातलं काही कळत नसे, पण ते सांगायचे, त्या साली दिवाळी झाली तरी वखारीत ओंडका आला नाही. गाड्या रिकाम्या उभ्या, बैल बसून चारा खाताहेत. मालक रोज विचारी, ‘आले का रे वारली?’ दादा म्हणत, आयुष्यात पहिल्यांदा मी मालकाला वारल्यांची वाट बघताना पाहिलं. लाकूड व्यापाऱ्यांना शेवटी मजुरी मान्य करावी लागली.

तेव्हा मुंबई प्रांतात पुन्हा काँग्रेसचं मंत्रिमंडळ आलेलं होतं. बाळासाहेब खेर पंतप्रधान, प्रांताच्या मुख्यमंत्र्याला तेव्हा पंतप्रधान म्हणत, आणि मोरारजी देसाई गृहमंत्री. खेर स्वतः आदिवासींच्या सेवेत रस घेणारे सज्जन गृहस्थ. तरीही पुन्हा हद्दपाऱ्या झाल्या, धरपकड झाली, आणि जानेवारी १९४७ मध्ये पालघर तालुक्यात नानिवलीला पुन्हा गोळीबार होऊन माणसं मेली. इंग्रज जायला सात महिने उरले होते. सेवा करणाऱ्यांना आदिवासी आवडत होता. मागणी करणारा आदिवासी त्यांना झेपत नव्हता. हे वाक्य कठोर वाटेल. पण मला वाटतं ते खेरांइतकंच आपल्यालाही लागू आहे.

सेवा हा शब्द मी कमी लेखत नाही. डहाणू तालुक्यातच, बोर्डीला, त्याच १९४५ सालच्या डिसेंबरात ताराबाई मोडकांनी बालशिक्षणाचं काम सुरू केलं. बरोबर अनुताई वाघ. पुढे ते काम कोसबाडच्या टेकडीवर गेलं. गुरं राखायला जाणारी मुलं शाळेत येत नाहीत, तर शाळाच कुरणात न्यायची, अशी कुरणशाळा त्यांनी काढली. आता विचार करा, दोन्ही कामं एकाच भागात, एकाच वर्षी सुरू झालेली. बाप वेठीतून सुटला नसता तर पोरगं कुरणशाळेत बसलं असतं का? आणि बापाच्या सुटकेनंतर पोराला अक्षर मिळालं नसतं तर सावकाराची वही कुणी वाचली असती?

गोदूताईंनी हे सगळं पुढे ‘जेव्हा माणूस जागा होतो’ या पुस्तकात लिहिलं. ते १९७०ला आलं, १९७२ला त्याला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. शामराव त्याआधीच, १९६५ साली, मुंबईच्या आर्थर रोड तुरुंगात वारले होते. गोदूताई १९९६ पर्यंत होत्या. पुस्तक कुठे मिळालं तर जरूर वाचा. मराठी गद्यात इतकं अलंकाराशिवाय लिहिलेलं फार थोडं आहे.

स्वातंत्र्यानंतर कूळ कायदा आला, १ एप्रिल १९५७ हा कृषकदिन ठरला, काही वारल्यांच्या नावावर जमिनी झाल्या. पण राखीव जंगलातले तुकडे तसेच राहिले. ते एक वर्षाच्या बोलीवर कसायला मिळत, त्यांना एकसाली म्हणत. पुन्हा एक शब्द! बाप, मुलगा, नातू कसतो तीच जमीन, पण कागदावर दरवर्षी पाहुणा. वेठबिगारीविरुद्धचा देशव्यापी कायदा व्हायला १९७६ साल उजाडलं, आणि त्यानंतर १९८२ साली वसई तालुक्यातून वेठबिगारांची सुटका करावी लागली. मुंबईच्या लोकल गाड्या जिथवर जातात, तिथून हाकेच्या अंतरावर.

मग २००६चा वनहक्क कायदा. त्याच्या प्रास्ताविकातच आदिवासींवर ऐतिहासिक अन्याय झाला, अशी कबुली आहे. कबुली कायद्यात आली म्हणून सातबारा हातात आला असं नाही. मार्च २०१८ मध्ये नाशिकहून मुंबईला पायी आलेला शेतकऱ्यांचा मोर्चा तुम्हाला आठवत असेल. त्यात निम्म्याहून अधिक चेहरे आदिवासी होते आणि वनजमिनीचे दावे ही त्यांची मोठी मागणी होती. दहावीच्या परीक्षा चालू होत्या, म्हणून मुंबईतल्या मुलांना अडचण नको या विचाराने ती माणसं रात्रीच चालत आझाद मैदानावर पोचली. मुंबईकरांनी त्यांना पाणी दिलं, चपला दिल्या, सोललेल्या पायांचे फोटो छापून आले. पुढच्याच वर्षी, १३ फेब्रुवारी २०१९ला, सर्वोच्च न्यायालयाचा दावे फेटाळलेल्यांना बाहेर काढण्याचा आदेश निघाला आणि पंधरा दिवसांत त्याला स्थगिती मिळाली. त्या पंधरा दिवसांत पाड्यांवर काय वातावरण होतं, याची बातमी मात्र फारशी आली नाही.

वनहक्क कायद्याच्या नियमांमधली एक तरतूद मला कवी म्हणून फार आवडते. दावा सिद्ध करायला जे पुरावे चालतात, त्यात गावातल्या वडीलधाऱ्या माणसाचं सांगणं, लिहून घेतलेलं, हाही पुरावा धरला आहे. तो एकटा पुरत नाही, सोबत दुसरा पुरावा लागतो. पण चालतो. सावकाराच्या वहीपुढे ज्याच्या बोलण्याला कवडीची किंमत नव्हती, त्याचं बोलणं आता नियमात आहे.

नियम नवे होते तेव्हाची गोष्ट. एका मित्राबरोबर तळासरीकडच्या एका पाड्यावर गेलो होतो, तिथे असे जबाब लिहून घेणं चाललं होतं. ऐंशीच्या घरातली एक आजी शेजाऱ्याच्या तुकड्याबद्दल सांगत होती. इथं त्याचा आजा राब भाजायचा, तो मोह त्याच्या आज्याने राखला, पलीकडे वरी पेरत. ग्रामसेवक पोरगेला होता, त्याच्या रकान्यात साल लागत होतं. त्याने दोनदा विचारलं. आजीला सालं माहीत नव्हती. ती म्हणाली, गोदूताई आली त्याच्या आदल्या पावसाळ्यात मी हे पाहिलंय.

ग्रामसेवकाने शेजारी बसलेल्या म्हाताऱ्याकडे बघितलं. म्हाताऱ्याने बोटं मोजली, काहीतरी सांगितलं. मग त्याने रकान्यात १९४४ लिहिलं, आणि त्याखाली आजीचा अंगठा घेतला.